अपोलो 8 यानातल्या अंतराळवीरांनी 1968 मध्ये काढलेल्या ‘अर्थराइज’ फोटोत चंद्राच्या क्षितिजावर पृथ्वी उगवताना दिसते. चंद्रावर उभं राहिलं तर तशीच पृथ्वी उगवताना दिसेल का?

नाही. चंद्राच्या बहुतेक भागावरून पृथ्वी कधी उगवतही नाही आणि मावळतही नाही. स्वतःभोवती आणि पृथ्वीभोवती फिरायला चंद्राला सारखाच वेळ लागतो, त्यामुळे त्याची एकच बाजू कायम आपल्याकडे असते. त्या बाजूला उभं राहिलं की पृथ्वी आकाशात जवळजवळ एकाच जागी टांगल्यासारखी राहते. स्वतःभोवती फिरते, महिनाभरात तिच्या कला बदलतात, पण जागा सोडत नाही. चांद्रयान-3 उतरलं ती जागा साधारण 69 अंश दक्षिण, 32 अंश पूर्व अशी आहे. गणित मांडलं तर तिथून पृथ्वी वायव्येला, क्षितिजाच्या सरासरी 17 अंश वर येते.

अपवाद फक्त पृथ्वीवरून दिसणाऱ्या चंद्राच्या कडांचा. चंद्र किंचित डुलतो (याला लिब्रेशन म्हणतात), पूर्व-पश्चिम दोन्हीकडे साधारण 8 अंश. त्यामुळे कडेच्या पट्ट्यात पृथ्वी खरोखर क्षितिजाच्या वर-खाली होते, पण तिचं बिंब पूर्ण वर यायला निदान एक दिवस जातो. डोळ्यांना हालचाल जाणवणारच नाही.

मग फोटोत उगवतंय ते काय? तिथे यान हलतंय. 24 डिसेंबर 1968, अपोलो 8 चंद्राभोवती चौथी फेरी मारत होतं, पृष्ठभागापासून सुमारे 110 किलोमीटर उंचीवर. एका फेरीला साधारण दोन तास, म्हणजे मिनिटाला 3 अंश. यानातून पृथ्वीचं बिंब जेमतेम 2 अंशांचं दिसतं, म्हणजे ते क्षितिजामागून पूर्ण बाहेर यायला पाऊण मिनिटही लागत नाही. आधीच्या तीन फेऱ्यांत खिडक्या खाली चंद्राकडे वळलेल्या होत्या, म्हणून हे दृश्य कुणाला दिसलंच नाही. चौथ्या फेरीत यानाचे कमांडर फ्रँक बोरमन ठरल्याप्रमाणे यान वळवत होते, तेव्हा सहकारी अंतराळवीर विल्यम अँडर्स यांना खिडकीत पृथ्वी दिसली. हातातल्या कॅमेऱ्यात कृष्णधवल फिल्म होती, त्यामुळे पहिला फोटो कृष्णधवलच आहे. मग तिसरे अंतराळवीर जिम लव्हेल यांनी शोधून दिलेलं रंगीत फिल्मचं मॅगझिन चढवलं आणि सुमारे मिनिटभरात तो प्रसिद्ध फोटो निघाला. ही घाई लक्षात घेतली की त्या फोटोची किंमत आणखी कळते.

कॅमेरा होता हॅसलब्लाड 500 ईएल, लेन्स 250 मिलिमीटर, फिल्म 70 मिलिमीटर एक्टाक्रोम. व्ह्यूफाइंडर नव्हता, नेम धरायला नुसती एक रिंग. इथे लेन्सचा फार फरक पडला. 250 मिलिमीटरने पृथ्वी फिल्मवर साधारण 8 मिलिमीटरची उमटते आणि फ्रेम असते 55 मिलिमीटरची. तीच जर 80 मिलिमीटर लेन्स असती तर पृथ्वी अडीच-तीन मिलिमीटरचा ठिपका झाली असती, ढग ओळखू आले नसते. एक्सपोजर 1/250 सेकंद, एफ/11, म्हणजे फिल्मवर अगदी थोडाच उजेड पडतो. उन्हातल्या चंद्राला आणि ढगांना हे पुरतं, ताऱ्यांना अजिबात नाही. ‘मागे तारे का नाहीत’ या शंकेचं उत्तरही एवढंच.

आणखी एक गोष्ट करून बघा. चंद्राची जमीन खाली असलेला नेहमीचा फोटो घ्या आणि घड्याळाच्या उलट दिशेने 90 अंश फिरवा. जमीन उजवीकडे उभी भिंतीसारखी होईल, पृथ्वी डावीकडे, उत्तर वर. यान चंद्राच्या विषुववृत्ताजवळून फिरत होतं, त्यामुळे उत्तर वर धरली की पृथ्वी चंद्राच्या बाजूने बाहेर येते. छापताना फोटो आडवा केला, म्हणून ती ‘उगवली’.

असा फिरवलेला फोटो समोर असताना पृथ्वीची अंधारलेली उजवी कड पाहा. उजेड-अंधाराची रेघ आफ्रिकेवरून जाते, तिथे संध्याकाळ होतेय. त्या क्षणी भारतात रात्रीचे 10 वाजून गेले होते. आपण त्या रेघेच्या पूर्वेला, काळोखात होतो.