बाबांचे दहा लाख आणि दोन खोल्यांचा सिनेमा

ताई, मी 32 वर्षांची. हिंजवडीत नोकरी करते, दोन शॉर्टफिल्म केल्या आहेत. विधवा आत्या आणि तिच्याकडे पेइंग गेस्ट म्हणून आलेली मुलगी यांच्यावर 90 पानांची पटकथा तयार आहे. सगळं शनिवार पेठेतल्या आमच्या जुन्या घरात घडतं. खर्च 18 लाख. माझ्याकडे 8 आहेत, उरलेले 10 बाबा ग्रॅच्युइटीतून देतो म्हणतात. नवरा काहीच बोलत नाही. राजीनामा देऊन यंदा पावसाळ्यात शूटिंग करू का? उशीर होतोय असं वाटतं.
– अस्वस्थ, कोथरूड

राजीनामा नको, बाबांचे दहा लाखही नकोत. सिनेमा मात्र कर, पण पुढच्या वर्षी दिवाळीनंतर.

दोन खोल्या, दोन पात्रं, सामान हलवण्याची कटकट नाही. दिवसाला पाच पानं निघतील. म्हणजे 18 दिवस, वर दोन राखीव. तेवढ्याला बिनपगारी रजा पुरते. (बाहेरच्या कामाबद्दल नेमणूकपत्रात काय लिहिलंय ते आधी वाच आणि परवानगी लेखी घे.) खरा वेळ खातं ते नंतरचं एडिट आणि साउंड. त्यात आठ-दहा महिने सहज जातात, आणि तेव्हाच पगार हवा असतो.

असे सिनेमे सेटवर क्वचित थांबतात. शूटिंगवर सगळा पैसा संपतो आणि पिक्चर हार्ड डिस्कमध्ये पडून राहतो. वर्षभरात पगारातून 4 लाख बाजूला पडले तर तुझे 12 होतात. त्यातले 5 लाख आजच वेगळ्या खात्यात टाक: एडिट, मिक्सिंग, कलर, सबटायटल्स, डीसीपी (थिएटरात दाखवायची डिजिटल प्रत), सेन्सॉर, महोत्सवांच्या प्रवेशिका. उरलेले 7 लाख, म्हणजे दिवसाला साधारण 39 हजार. आठ-नऊ जणांचं युनिट, घरचं जेवण, भाड्याचा एक कॅमेरा; बसतं यात. राज्य सरकारचं अनुदान हिशेबात धरू नकोस. चित्रपट पूर्ण होऊन, सेन्सॉर होऊन, परीक्षण झाल्यावरचा तो मामला आहे.

आता पेठ. पावसाळ्यात तिथं सिंक साउंड, म्हणजे शूटिंगच्या वेळीच खरा आवाज, घ्यायचा विचारही करू नकोस. पत्र्यावरचा पाऊस एक वेळ सहन होईल, पण गणपतीच्या महिना-दोन महिने आधीपासून नदीकाठी ढोल-ताशा पथकांचे सराव सुरू होतात, आणि ते संध्याकाळी, म्हणजे तुझ्या आत्याचे सगळे कातर प्रसंग असतील त्याच वेळी. डबिंग करू म्हणशील, तर कुजबुजत बोललेला संवाद डबिंगमध्ये हमखास मरतो. लोकेशन बघायला जाशील तेव्हा रेकॉर्डिस्टला बरोबर ने आणि दिवसाच्या तीन वेळांना दहा-दहा मिनिटं नुसतं ऐका. टेकच्या वेळी पंखा बंद, फ्रीज बंद. फ्रीजमध्ये गाडीची किल्ली ठेवून दे, म्हणजे निघताना तो चालू करायचं विसरणार नाहीस. प्रत्येक खोलीची निव्वळ शांतता मिनिटभर रेकॉर्ड करून घे. एडिटला जोड बुजवायला तीच लागते. आणि आत्याच्या रेडिओवर जुनं गाणं वाजवू नकोस. हक्क नसतील तर तो अख्खा प्रसंग पुढे विक्रीच्या वेळी अडकतो.

नटमंडळी पुरुषोत्तम करंडक या कॉलेजांच्या एकांकिका स्पर्धेतून, सुदर्शन रंगमंचावरच्या प्रयोगांतून शोध. त्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचायला घडलेला असतो, म्हणून तालमी त्याच खोलीत, मोबाइल तीन फुटांवर लावून घे आणि त्यांना लगेच दाखव. सांगण्यापेक्षा बघून लवकर कळतं. मानधन कमी असलं तरी एकपानी करार शूटिंगआधी, बहिणीशीसुद्धा.

कार्ड पुसायच्या आत फुटेज दोन डिस्कवर, दोन वेगळ्या घरांत. हे काम एकाच माणसाच्या नावावर असू दे.

पुढे पिफ, म्हणजे पुण्याचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आहे, गोव्यात नोव्हेंबरमध्ये फिल्म बाजार (आता ‘वेव्हज फिल्म बाजार’) हा चित्रपटांच्या खरेदी-विक्रीचा मेळा आहे, तिथं अपूर्ण चित्रपटांनाही जागा असते. तोवर यूट्यूबवर काहीही चढवू नकोस. अनेक महोत्सव पहिलाच खेळ मागतात.

उशिराचं म्हणशील, तर दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा जन्म 1943चा आणि सुनील सुकथनकरांबरोबरचा त्यांचा पहिला कथापट 1995चा. त्यांचं काम पुण्यातूनच चालत असे.

नवरा गप्प आहे तो बहुधा त्याच्यासमोर आकडा नाही म्हणून. घराचा महिन्याचा खर्च, हप्ते आणि तुझे 12 लाख एका कागदावर मांड आणि तो कागद त्याच्या हातात दे. स्वप्न पुन्हा सांगत बसू नकोस, ते त्याने ऐकलंय.

आणि बाबा. पैसे घेतलेस तर पहिला कट बघायचा त्यांचा हक्क होतो. तो कट लांबलचक, कच्च्या आवाजाचा, फिक्या रंगांचा असतो. सवय नसलेल्या माणसाला त्यात सिनेमा दिसत नाही. त्यांना त्यात आपली ग्रॅच्युइटी दिसेल. त्यांना द्यायचंच असेल तर अठरा दिवस घर दे म्हणावं, आणि शेजाऱ्यांना मिक्सर कधी लावायचा ते सांगायचं काम.