सातबाऱ्यावर 'महाराष्ट्र शासन' लागलंय, कोर्टात मालकी कशी सिद्ध करायची?

तुम्ही लिहिलंय की घोडबंदर रोडलगतच्या आजोबांच्या जमिनीवर आता 'महाराष्ट्र शासन' लागलंय, आणि तुमच्याकडे जुना सातबारा व शेतसाऱ्याच्या पावत्या आहेत. तेवढ्यावर भागणार नाही. मी ठाण्यात एका दिवाणी वकिलांकडे जुनं रेकॉर्ड काढायचं काम करतो, त्यावरून सांगतो.

सातबारा हा महसुलाचा कागद. महसूल अधिनियमाच्या कलम 157 प्रमाणे त्यावरची नोंद उलट पुरावा येईपर्यंत खरी धरतात, पण नोंदीने मालकी येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने कितीदा तरी सांगितलंय. शिवाय त्या 157 चा फायदा आज सरकारला आहे, कारण नाव त्यांचं लागलंय. 'सरकारकडे तरी कुठे कागद आहेत' या भरवशावरही राहू नका. 2010 च्या आर. हनुमय्या विरुद्ध कर्नाटक सरकार या निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की सरकारचा बचाव लंगडा पडला म्हणून दावा मंजूर करायचा नाही, वादीने आपला हक्क स्वतःच शाबीत करायचा.

म्हणून आधी एकच शोधा: सरकारचं नाव कुठल्या फेरफाराने, म्हणजे नाव बदलल्याच्या नोंदीने, आलं? हस्तलिखित सातबाऱ्यावर आजोबांच्या नावाला कंस केलेला असेल आणि बाजूला वर्तुळात एक आकडा. तो फेरफार क्रमांक. तहसीलच्या अभिलेख कक्षातून त्या फेरफाराची नक्कल काढा. त्यात बहुतेक दोनच ओळी असतात, अमुक आदेशान्वये नोंद केली, खाली मंडळ अधिकाऱ्याची सही. त्या आदेशाची प्रत मागा. नाहीच मिळाली तर माहिती अधिकारात अर्ज टाका आणि 'अभिलेख उपलब्ध नाही' असं उत्तर आलं तरी जपून ठेवा. आदेश हाती आला की पुढची वाट कळते.

येऊरच्या डोंगराच्या बाजूला असाल तर खासगी वनाचा मामला निघू शकतो. खासगी वनं संपादन करण्याच्या कायद्याने 30 ऑगस्ट 1975 ला अशा जमिनी सरकारजमा झाल्या, बऱ्याचशा वन कायद्याच्या कलम 35(3) च्या नोटिशीच्या आधारावर. गोदरेज अँड बॉइसच्या खटल्यात 2014 साली सुप्रीम कोर्टाने म्हटलं की नोटीस नुसती काढून चालत नाही, मालकाला बजावलेली हवी. नागरी कमाल जमीन धारणा कायद्यात गेली असेल तर बघायचं एकच: 29 नोव्हेंबर 2007 ला तो कायदा राज्यात रद्द झाला, त्यापूर्वी सरकारने प्रत्यक्ष ताबा घेतला होता का, की फक्त कागदी पंचनामा? तुमचा जागेवरचा ताबा आणि त्या काळातली वीजबिलं कामी येतात ती इथे. भूसंपादन असेल, नवी मुंबईकडे सिडकोसाठी झालं तसं, तर संपादनालाच आव्हान द्यायला दिवाणी दावा चालत नाही. हायकोर्टात रिट करावी लागते, आणि इतक्या वर्षांनी ती अवघड.

मग तुमच्या बाजूची साखळी. आजोबांकडे जमीन आली कशी, खरेदीने, कुळकायद्याने की वाटपाने? खरेदी असेल तर मूळ खरेदीखत, ते हरवलं असल्यास दुय्यम निबंधकांकडून प्रमाणित प्रत. कुळ असतील तर 32 म चं, म्हणजे कुळाने जमीन विकत घेतल्याचं, प्रमाणपत्र. पुढे वारसाचे फेरफार. भूमी अभिलेखमधून आकारफोड आणि कमी-जास्त पत्रक, म्हणजे सर्व्हे नंबरचे हिस्से आणि क्षेत्र कसं बदललं ते दाखवणारे कागदही घ्या, नाहीतर सर्व्हे नंबरला हिस्से पडले की ही तीच जमीन हे दाखवताना दमछाक होते. सगळ्या नकला प्रमाणित हव्यात, झेरॉक्सवर सरकारी वकील पहिल्याच दिवशी हरकत घेतो. दस्त मोडीत असेल तर जाणकाराकडून लिप्यंतर करून घ्या. शेजारच्या म्हाताऱ्यांनी वाचून दाखवलं ते कोर्टात टिकत नाही.

दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची नोटीस देऊन दोन महिने थांबावं लागतं. आणि नाव लागलंय ते महसूल अधिनियमाच्या कलम 20 खालच्या कलेक्टरच्या आदेशाने असेल, तर आदेशापासून, किंवा अपील केलं असल्यास अपिलाच्या निकालापासून, वर्षाच्या आत दावा लावायचा असतो. तेव्हा आदेशाची नक्कल हातात आली की मजकुराच्याही आधी वरची तारीख वाचा.