उंची सारखी, मग बर्फ उत्तरेलाच का?

प्रश्न : नकाशात जपानी आल्प्सचे उत्तर, मध्य आणि दक्षिण असे तीन भाग दिसतात. उत्तर आणि दक्षिणेतली शिखरं जवळपास सारख्याच उंचीची. अक्षांशातही फार तर एका अंशाचा फरक. तरी हिमनद्या फक्त उत्तरेत, असं का?

उत्तर : उंचीच पाहायची तर दक्षिण सरस आहे! तिथलं किता-दाके ३१९३ मीटर, उत्तरेतलं ओकु-होताका ३१९० मीटर. (फुजी कुठे गेला, असं पुढच्या पत्रात कुणीतरी विचारणारच. तो सुटा उभा असलेला ज्वालामुखी. या रांगांत त्याला धरत नाहीत.)

फरक पडतो तो वाऱ्यामुळे. हिवाळ्यात सैबेरियाकडून कोरडा, बोचरा वारा सुटतो. जपानच्या समुद्रात त्सुशिमा नावाचा उबदार प्रवाह आहे. त्यावरून येताना हा वारा भरपूर बाष्प उचलतो आणि थेट हिदा पर्वतावर, म्हणजे उत्तर आल्प्सवर आदळतो. ओझं तिथेच उतरतं. दक्षिणेतल्या आकाइशी रांगेपर्यंत पोचेतो त्याच्याकडे द्यायला फारसं काही उरत नाही. वरती थंडी कडाक्याची असते, पण आकाश बरेचदा स्वच्छ निळं.

हे ओझं केवढं, ते मी मे महिन्याच्या सुरुवातीला उत्तर आल्प्समधल्या तातेयामाच्या मुरोदो पठारावर पाहिलं. उंची २४५० मीटर. यंत्रांनी बर्फ कापून रस्ता मोकळा केलेला आणि दोन्ही बाजूंना बसपेक्षा कितीतरी उंच भिंती. भरघोस बर्फाच्या वर्षी त्या २० मीटरच्या आसपास जातात. अर्थात तेवढा सगळा बर्फ आकाशातून तिथेच पडलेला नसतो. बराचसा वाऱ्याने ढकलत आणलेला असतो. मी भिंतीजवळ गेलो तर कापलेल्या बाजूवर आडव्या रेघा, आणि त्यांतल्या काही मळकट पिवळ्या. हात फिरवला तर हातमोज्याला डाग पडला. चीन आणि मंगोलियाच्या वाळवंटांतून वसंतात उडणारी ही धूळ. बर्फापेक्षा मला त्या डागाचंच जास्त अप्रूप वाटलं.

पण नुसता बर्फ साठला म्हणजे हिमनदी होत नाही. तो स्वतःच्या वजनाने वाहायला हवा. जपानमध्ये हिमनद्याच नाहीत, असं बरीच वर्षं मानलं जायचं. मग संशोधकांनी तातेयामा आणि त्सुरुगि शिखरांजवळच्या घळींतल्या बर्फात खांब रोवले आणि उपग्रहांच्या मदतीने त्यांची जागा पुन्हा पुन्हा मोजली. खांब सरकले होते! २०१२ साली तिथल्या तीन हिमनद्यांना मान्यता मिळाली. तिन्ही हिमनद्या कड्यांच्या पूर्वेला आहेत, म्हणजे वाऱ्याच्या आडोशाला. वारा धारेवरून बर्फ पलीकडे टाकतो, वरून हिमलोट कोसळतात, आणि अरुंद घळीत उन्हाळाही त्याला पुरा पडत नाही.

दक्षिणेतही हिमयुगात हिमनद्या होत्या. सेन्जो-दाकेच्या माथ्याजवळ त्यांनी कोरलेली वाडग्यासारखी खोलगट जागा आजही दिसते, पण तिथवर पायपीट करावी लागते. तेवढी तयारी नसेल तर मध्य आल्प्समध्ये सेन्जोजिकीला जा. तसाच वाडगा, आणि रोपवे २६१२ मीटरवर अगदी त्याच्या काठाशी सोडतो. सकाळची पहिली फेरी गाठा मात्र; उन्हाळ्यात दुपारी ढग वर चढले की समोरचा कडाही दिसेनासा होतो.