गॅस कुठला भरायचा?

फेब्रुवारी सरला की या सदराकडे येणाऱ्या पत्रांत एसी आणि फ्रिजच्या गॅसचीच पत्रं जास्त असतात. सोलापुरात २८ वर्षं मी दुरुस्तीचं वर्कशॉप चालवलं, नंतर सहा वर्षं आयटीआयमध्ये मुलांना हेच काम शिकवलं. आज चारच पत्रं घेतो, कारण पहिल्या दोन उत्तरांना जागा लागणार आहे.

दीड टनाचा स्प्लिट एसी २०११ साली घेतला, आत आर-२२ आहे. गेले तीन उन्हाळे दरवर्षी गॅस भरतो. यंदा मेकॅनिक म्हणतो, "आर-२२ बंद झालाय. ३२ भरू, थंडावाही जास्त येईल." भरू का?
— एक वाचक, बार्शी

नाही, अजिबात भरू देऊ नका.

आधी तुमच्या तीन उन्हाळ्यांविषयी बोलतो. एसीतला गॅस पेट्रोलसारखा जळून संपत नाही. तांब्याच्या बंद नळ्यांतून तोच गॅस वर्षानुवर्षं फिरत राहतो. तो कमी झाला याचा अर्थ कुठेतरी गळती आहे, आणि तुम्ही तीनदा पैसे मोजून भरलेला गॅस बार्शीच्या हवेत गेला. आर-२२चा एक किलो हवेत सुटला की शंभर वर्षांच्या हिशेबाने तो १८१० किलो कार्बन डायऑक्साइडइतकी उष्णता धरून ठेवतो, शिवाय ओझोनलाही खातो. म्हणून मेकॅनिकला पहिला प्रश्न "कुठला गॅस?" असा विचारू नका, "गळती कुठे आहे?" असा विचारा. नळीत नायट्रोजनचा दाब देऊन साबणाचा फेस लावला की बहुतेक वेळा गळती सापडते. फ्लेअर नट म्हणजे नळ्या जोडणारे नट, इनडोअर कॉइलची वळणं आणि भिंतीच्या भोकात नळी जिथे घासते ती जागा, या तीन ठिकाणी आधी पाहायला सांगा.

आता आर-२२ बंद होण्याविषयी. ओझोन वाचवण्यासाठी झालेल्या मॉन्ट्रियल कराराप्रमाणे १ जानेवारी २०२५पासून आपल्याकडे नव्या यंत्रांच्या उत्पादनात या जातीचे गॅस वापरणं थांबलं. जुन्या यंत्रांच्या सर्व्हिसिंगसाठी आर-२२ मिळतो. कोटा कमी होत जाऊन २०३०नंतर अगदी थोडा उरेल, त्यामुळे भाव चढणार हे खरं. पण यंदाच्या दुरुस्तीसाठी तो आहे.

आणि ३२, म्हणजे आर-३२, का नको? कंडेन्सर, म्हणजे आउटडोअरमधली उष्णता बाहेर टाकणारी जाळी, ५० अंशांवर असताना आर-२२चा दाब साधारण २७० पीएसआय (दाबाचं माप) असतो. त्याच तापमानाला ३२चा ४४०च्या आसपास जातो, नव्या एसींतल्या ४१०ए गॅसचाही ४३०. बार्शीत मे महिन्यात सावलीतच ४२ अंश असतात, गच्चीवरच्या आउटडोअरचा कंडेन्सर ५० अंशांवर थांबत नाही. तुमचा कॉम्प्रेसर, नळ्या, वेल्डिंग यांपैकी काहीच त्या दाबासाठी बनलेलं नाही. दुसरं तेलाचं. तुमच्या कॉम्प्रेसरमध्ये मिनरल ऑइल आहे, ते ३२मध्ये मिसळत नाही. गॅसबरोबर निघालेलं तेल इनडोअर कॉइलमध्ये साचून राहतं आणि कॉम्प्रेसर कोरडा पडतो. पहिले आठ दिवस थंडावा खरंच जास्त वाटेल, कारण ३२ दाट गॅस आहे. पण त्याच दाटपणाने मोटरवर बोजा पडून ती जळेल. त्यात ३२ सौम्य का होईना, ज्वालाग्राही आहे.

तुम्ही असं करा. गळती बंद करून घ्या, नळीतला ओलावा टिपणारा ड्रायर बदला, व्हॅक्यूम पंप निदान अर्धा तास चालवून व्हॅक्यूम टिकतो का ते समोर उभं राहून पाहा, मग यंत्रावरच्या प्लेटवर लिहिलेल्या वजनाइतका आर-२२ काट्यावर मोजून भरा. "अंदाजाने भरतो" म्हणणाऱ्याला चहा पाजा आणि परत पाठवा. आर-२२ मिळालाच नाही, तर ४३८ए आणि ४२२डी हे मिश्रगॅस मिनरल ऑइलवर चालतात आणि त्यांचा दाबही आर-२२च्या जवळ आहे. थंडावा थोडा कमी येतो, आणि उष्णता धरण्यात ते आर-२२पेक्षा वाईटच आहेत. त्यामुळे ते अडलेल्या वेळेचे समजा. मात्र उरलेल्या आर-२२वर दुसरा गॅस कधीही ओतू द्यायचा नाही. आधीचा सगळा सिलिंडरमध्ये काढून घ्यायचा, मगच नवा भरायचा.

इनडोअर कॉइलच कुजली असेल तर मात्र या यंत्रावर आणखी खर्च नको. चौदा-पंधरा वर्षांत त्याने आपलं काम केलं आहे.

अकलूजजवळ माझं दूध संकलन केंद्र आहे. हजार लिटरचा बल्क कूलर २०१३चा, आर-२२वर चालणारा. कॉम्प्रेसर जळाला. नवा बसवतोच आहे तर गॅसही बदलू का? विक्रेता ४०४ए सुचवतो.
— एक दूध संकलक, अकलूज

बदला. चालू यंत्र असतं तर मी थांबा म्हटलं असतं, पण कॉम्प्रेसर आणि तेल दोन्ही बदलणारच आहेत, तर यापेक्षा चांगली वेळ नाही. फक्त ४०४ए घेऊ नका, ४०७सी घ्या.

४०४एचा एक किलो ३९२२ किलो कार्बन डायऑक्साइडइतका जड पडतो, ४०७सीचा १७७४. हा नुसता पर्यावरणाचा मुद्दा नाही. मॉन्ट्रियल करारात नंतर झालेला बदल, म्हणजे किगाली दुरुस्ती, भारताने २०२१मध्ये स्वीकारली. तिच्याप्रमाणे २०२८मध्ये या जातीच्या गॅसचा वापर गोठवायचा आहे आणि २०३२पासून कमी करत न्यायचा आहे. तुमचा कूलर तोवर चालायला हवा, आणि कपात सुरू झाली की सगळ्यात जड गॅसची टंचाई आधी जाणवणार. शिवाय ४०४ए ७२ अंशांच्या वर द्रवरूप होऊच शकत नाही, आर-२२ची ती मर्यादा ९६ आहे, ४०७सीची ८६. कंडेन्सर या मर्यादेच्या जितका जवळ जाईल तितकं वीजबिल वाढतं. अकलूजच्या एप्रिल-मेमध्ये हा फरक तुम्हाला बिलात दिसेल.

कामाचा क्रम नीट सांगतो, कारण इथे घाई केली तर नवा कॉम्प्रेसरही वर्षात जातो. मोटर जळली की तेलात आम्ल तयार होतं आणि ते नळ्यांत बसून राहतं. नळ्या फ्लश करून घ्या, सक्शन लाइनला, म्हणजे कॉम्प्रेसरकडे गॅस परत आणणाऱ्या नळीला, आम्ल शोषणारा बर्नआउटचा ड्रायर लावा, दोन दिवस चालवून तेलाची आम्लचाचणी करा आणि तो ड्रायर काढून दुसरा बसवा. ४०७सीला पीओई हे कृत्रिम ऑइल लागतं. जुनं मिनरल ऑइल शंभरात पाच भागांपेक्षा जास्त उरता कामा नये. पीओई हवेतलं पाणी मिठासारखं ओढून घेतं, म्हणून डबा उघडला की लगेच वापरायचा, उरलेला ठेवायचा नाही. रबरी सील आणि गॅस्केट सगळे नवे घाला. आर-२२मध्ये ते फुगून घट्ट बसलेले असतात, गॅस बदलला की आकसतात आणि महिन्याभरात नवी गळती सुरू होते. हे पाहिलेलं नसलं की लोक नव्या गॅसला दोष देतात.

४०७सी हा तीन गॅसांचा मिश्रगॅस आहे आणि तिघं एकाच तापमानाला उकळत नाहीत. म्हणून सिलिंडरमधून तो द्रवरूपातच काढायचा, वाफ काढली तर मिश्रणाचं प्रमाणच बिघडतं. आर-२२च्या वजनाच्या ९५ टक्क्यांपासून सुरुवात करा आणि सुपरहीट, म्हणजे परतणारी वाफ उकळण्याच्या तापमानापेक्षा किती गरम आहे, ते बघून टाकीत गॅस सोडणारा एक्स्पान्शन व्हॉल्व्ह थोडा जुळवा. याच कारणाने टाकीच्या तळाशी जिथे गॅस शिरतो तिथली प्लेट बाकी तळापेक्षा पाच-सहा अंश जास्त थंड राहते. पहिले काही दिवस त्या कोपऱ्यात दुधाचा बर्फ धरत नाही ना, आणि ढवळणी तिथवर पोचते ना, हे रोज सकाळी स्वतः बघा.

२४० लिटरचा फ्रिज, मागच्या प्लेटवर आर-१३४ए लिहिलंय. मेकॅनिकने "नवा गॅस" म्हणून ६००ए भरला. आता कॉम्प्रेसर थांबतच नाही आणि भाजी जेमतेम गार होते.
— एक गृहिणी, मिरज

ताई, फ्रिजचा प्लग आत्ताच काढा आणि स्वयंपाकघराची खिडकी उघडी ठेवा. ६००ए म्हणजे आयसोब्युटेन, लायटरमधल्या गॅसचाच भाऊबंद. नव्या फ्रिजमध्ये तोच असतो आणि तिथे तो उत्तम चालतो, पण त्या फ्रिजचे स्विच, थर्मोस्टॅट आणि कॉम्प्रेसर त्याच्यासाठीच बनवलेले असतात. तुमचा १३४एचा कॉम्प्रेसर त्यावर साधारण अर्धंच काम करतो, म्हणून तो थांबत नाही. दाराच्या दिव्याच्या स्विचमध्ये ठिणगी पडते आणि गळती आतल्या डब्यात असेल तर तेवढी ठिणगी पुरते. गॅस मोकळ्या हवेत काढायला लावा, ड्रायर बदला, प्लेटवर लिहिलेल्या ग्रॅमइतका १३४ए भरून घ्या. त्या मेकॅनिकने हे काम फुकट करून दिलं पाहिजे, तसं त्याला स्पष्ट सांगा.

सर, दुसऱ्याने दुरुस्त केलेल्या यंत्रात नेमका कुठला गॅस आहे हे गेजवरून ओळखता येतं का?
— आयटीआयचा विद्यार्थी, धाराशिव

बाळा, ४१०ए ओळखता येतो. ३० अंशांना बंद यंत्रात आर-२२ सुमारे १५८ पीएसआय दाखवतो, ४१०ए २६०. पण त्याच तापमानाला प्रोपेन, म्हणजे आर-२९०, दाखवतो १४२. यंत्र सावलीत आहे की उन्हात एवढ्यानेही इतका फरक पडतो. तेव्हा गेजवर विसंबू नकोस.

२०१६च्या मे महिन्यात माझ्या वर्कशॉपला एक विंडो एसी आला. प्लेटवर आर-२२ होतं, गेजवरचा दाबही तसाच वाटला. माझ्या हाताखालच्या मुलाने गॅस काढला आणि नळी सोडवायला वेल्डिंगचा, ज्योतीचा टॉर्च लावला. आधी कुणीतरी त्यात प्रोपेन भरलेला होता आणि तेलात विरघळलेला अजून सुटत होता. भडका झाला. उजवा हात कोपरापर्यंत भाजला, तीन आठवडे पट्टीत होता. तो आज स्वतःचं दुकान चालवतो, पण ती कातडी अजून वेगळी दिसते. टॉर्च त्याच्या हातात मीच दिला होता.

तेव्हापासून माझ्याकडे नियम झाला: अनोळखी यंत्राची नळी कटरनेच कापायची, व्हॅक्यूम करायचा, नायट्रोजन फिरवायचा, मगच टॉर्च. तुमच्या संस्थेत गॅस आयडेंटिफायर असेल तर तो वापरायला शीक. आणि तू दुरुस्त केलेल्या प्रत्येक यंत्रावर गॅसचं नाव, ग्रॅममध्ये वजन, तेलाचा प्रकार, तारीख आणि तुझा फोन नंबर लिही. परमनंट मार्करने लिही, बॉलपेन दोन पावसाळ्यांत पुसलं जातं. एकदा बाहेरच्या स्टिकरवर लिही आणि एकदा कव्हरच्या आतल्या बाजूला, कारण स्टिकर निघतात.