टर्नटेबल घेताय? सुई बदलता येते का ते आधी बघा

या महिन्यात टर्नटेबलवरच एवढे प्रश्न आलेत की होम थिएटर आणि इअरफोनवाल्यांना पुढच्या अंकापर्यंत थांबावं लागेल, सॉरी.

प्रश्न (कोथरूड): आजोबांच्या पन्नासेक एलपी मिळाल्यात, भावगीतं जास्त आणि थोडं शास्त्रीय. घरी ॲम्प आणि बुकशेल्फ स्पीकर आहेत पण ॲम्पला फोनो इनपुट नाही. बजेट सगळं मिळून २५ हजार. सूटकेसवाला प्लेअर स्वस्तात मिळतोय आणि दिसतो भारी, मित्र म्हणतो घ्यायचं तर डायरेक्ट ड्राइव्हच घे. काय करू?

उत्तर: सूटकेसवाला नको. ऑनलाइन लोक म्हणतात तसं एकदा वाजवली की रेकॉर्ड खलास असं काही होत नाही, पण त्यात बहुतेक सिरॅमिक कार्ट्रिज (कार्ट्रिज म्हणजे सुई जिच्यात बसते ती डबी) असते, ती पाच ग्रॅमच्या आसपास वजन टाकते, ते कमी करायला आर्मच्या (कार्ट्रिज धरणाऱ्या लांब दांड्याच्या) मागे काउंटरवेट म्हणजे फिरवायचं वजन नसतो आणि स्पीकर त्याच डब्यात, म्हणजे स्पीकरची थरथर परत सुईत. आजोबांच्या एलपी आता बाजारात सहज मिळणाऱ्या नाहीत, त्यांच्यावर हा प्रयोग कशाला.

मित्राचं म्हणणं अर्धं बरोबर आहे. डायरेक्ट ड्राइव्हमध्ये मोटर थेट तबकडीखाली असते, चटकन स्पीड पकडते, म्हणून १९७२ मध्ये आलेलं टेक्निक्सचं एसएल-१२०० पुढे डीजे लोकांचं लाडकं झालं. तुम्हाला बसून भावगीतं ऐकायचीत, तुम्हाला बेल्ट (मोटर बाजूला, रबरी पट्ट्याने तबकडी फिरते) असो की डायरेक्ट, या किमतीत काही फरक पडत नाही. फरक कशाने पडतो तर पुढे जाऊन सुई बदलून चांगली घालता येते का, याने.

आता मॉडेलवर येतो. ऑडिओ-टेक्निकाचं एलपी६०एक्स सगळ्यात बिनडोक काम, बटण दाबा, आर्म आपोआप जातो, बाजू संपली की परत येतो. घरात आईबाबा वाजवणार असतील तर खरंच चांगलंय. पण कार्ट्रिज आर्ममध्येच बसवलेली, सुई कोनिकल म्हणजे गोल टोकाची, झिजली की तशीच दुसरी घालायची आणि गाडी तिथेच थांबते. त्याच्यावरचं एलपी७०एक्स पण ऑटोमॅटिकच आहे, मात्र त्यात व्हीएम९५ सिरीजची कार्ट्रिज येते आणि तिथेच खरी मजा आहे, कारण या सिरीजच्या सगळ्या सुया एकाच बॉडीवर बसतात. आज गोल टोकाची सुई, सहा महिन्यांनी बोनस आला की जुनी ओढून काढायची आणि इलिप्टिकल म्हणजे अंडाकार टोकाची ढकलून बसवायची, स्क्रूड्रायव्हर लागत नाही. एलपी१२०एक्स अजून वरचं, डायरेक्ट ड्राइव्ह, काउंटरवेट, अँटीस्केट (आर्मची आतली ओढ थोपवणारी सोय), हेडशेल म्हणजे कार्ट्रिज बसते तो आर्मचा पुढचा भाग काढता येणारं, ७८चा स्पीडपण आहे. ते नवीन घ्यायला बजेट ताणावं लागेल, पण कोणी घरगुती वापरलेलं विकत असेल तर जाऊन ऐकून घ्या. भाव दर थोड्या दिवसांनी हलतात, इंपोर्टेड माल आहे, म्हणून मी आकडा लिहीत नाही, दोनतीन ठिकाणी विचारा. माझं मत विचाराल तर तुमच्यासाठी ७०एक्स, आणि उरलेल्या पैशात कार्बन फायबरचा ब्रश आणि सुईचा ब्रश. सुईवर ब्रश नेहमी मागून पुढे फिरवायचा, आडवा किंवा उलटा फिरवलात तर सुईची दांडी वाकते.

फोनो इनपुटचं टेन्शन नको. रेकॉर्ड कापतानाच बेस मुद्दाम कमी आणि ट्रेबल जास्त ठेवलेला असतो (१९५४ पासून सगळीकडे साधारण एकच आरआयएए नावाचा हिशेब चालतो) आणि फोनो प्रीॲम्प ते उलटं करून देतो, शिवाय कार्ट्रिजचे चारपाच मिलिव्होल्ट ॲम्पला चालतील एवढे वाढवतो. वरच्या तिन्ही मॉडेलमध्ये तो आतच आहे, मागचा स्विच लाइनवर ठेवा आणि ऑक्समध्ये लावा. स्विच फोनोवर राहिला तर आवाज मच्छरासारखा येतो, आणि उद्या फोनो इनपुटवाला ॲम्प घेतलात आणि स्विच लाइनवरच राहिला तर सगळं फाटकं ऐकू येतं. लोक नवीन मशीन परत करायला निघतात आणि कारण हा एवढासा स्विच असतो.

प्रश्न (सदाशिव पेठ): माझ्याकडे एलपी१२०एक्स आहे, कंपनीने दिलेलीच सुई. बाजूच्या पहिल्या गाण्याला आवाज छान, शेवटच्या गाण्याला पोचलं की 'स' आणि 'श' फुटतात. दुकानदार म्हणतो आता वरच्या लेव्हलचं टर्नटेबल घ्या. शिवाय आमचा जुना वाडा, लाकडी मजला, कोणी खोलीतून चाललं की सुई उडी मारते.

उत्तर: टर्नटेबल अजिबात बदलू नका, प्लीज. तुमचा त्रास तबकडीच्या भूमितीचा आहे. फिरण्याचा वेग ३३⅓ कायम असला तरी बाहेरच्या कडेला सुईखालून सेकंदाला साधारण ५० सेंटीमीटर खाच जाते आणि शेवटच्या गाण्याला वीसएक सेंटीमीटर. तेवढंच गाणं अर्ध्याहून कमी जागेत कोंबलेलं, आणि स, श, च्छ ही अक्षरं म्हणजे खाचेतली सगळ्यात बारीक नागमोड. जाड टोकाची सुई त्यात नीट शिरत नाही आणि फुसफुस ऐकू येते. महागड्या टर्नटेबलवर हीच सुई लावली तरी थोडीफार फुसफुसणारच.

पैसे खर्च करायच्या आधी सेटिंग बघा, फुकटात होतं. अँटीस्केट शून्यावर आणा, सुईचं कव्हर काढा, आर्म रेस्टच्या बाहेर धरून मागचा काउंटरवेट फिरवत राहा, हात सोडला तर आर्म ना वर जायला हवा ना खाली, हवेत आडवा तरंगायला हवा. मग आर्म रेस्टवर लॉक करा आणि काउंटरवेटला हात न लावता फक्त त्याच्या पुढची आकड्यांची रिंग फिरवून शून्य आणा. आता काउंटरवेट आणि रिंग दोन्ही एकत्र फिरवून २ ग्रॅम. तुमच्या व्हीएम९५ई सुईला कंपनी १.८ ते २.२ सांगते, २ वर ठेवा, अँटीस्केटपण २. डिजिटल काटा मिळतो छोटासा, त्याने एकदा खात्री करा कारण रिंगवरचे आकडे अंदाजे असतात. आणि "हलकं ठेवलं की रेकॉर्ड कमी झिजते" हा गैरसमज डोक्यातून काढा, कमी वजनात सुई खाचेत आपटत जाते आणि तेच जास्त नुकसान करतं.

दुसरं म्हणजे कार्ट्रिज हेडशेलमध्ये सरळ आहे का. कागदी प्रोट्रॅक्टर घ्या, त्यावर दोन ठिपके असतात, सुई दोन्ही ठिपक्यांवर ठेवून कार्ट्रिजच्या कडा रेघांना समांतर दिसायला हव्यात, नसतील तर दोन स्क्रू थोडे सैल करून सरकवा. वायर निघाल्याच तर घाबरू नका, लाल-हिरवी उजवीकडची, पांढरी-निळी डावीकडची. चिमट्याने टोपी धरा, वायर ओढू नका.

एवढं करूनही श फुटतोय तर मग सुई. इलिप्टिकलचं आयुष्य कंपनी ३०० तास धरते, म्हणजे चाळीसेक मिनिटांची एलपी असेल तर साडेचारशेच्या आसपास एलपी. रोज एक ऐकत असाल तर सव्वा वर्षात संपली, त्यामुळे कदाचित तुमची झिजलेलीच असेल. त्याच बॉडीवर मायक्रोलिनिअरवाली, म्हणजे अजून बारीक टोकाची, व्हीएम९५एमएलची सुई बसते. महाग आहे, ई सुईच्या कितीतरी पट, पण तिचं आयुष्य १००० तास सांगतात आणि शेवटच्या गाण्यातला श तिथे खरोखर सुधारतो. मधला पर्याय याच सिरीजची ईएन सुई. ज्यांच्याकडे ऑर्टोफॉन कंपनीची २एम रेड कार्ट्रिज आहे त्यांच्यासाठीपण तोच नियम, ब्लूची सुई रेडच्या बॉडीवर बसते. ब्राँझ आणि ब्लॅकची बॉडी वेगळी, ती घ्यायला जाऊ नका.

एमसी म्हणजे मूव्हिंग कॉइल कार्ट्रिजच्या नादाला आत्ता लागू नका, तिचा आवाज अर्धा मिलिव्होल्ट किंवा त्याहून कमी, वेगळा प्रीॲम्प लागतो, सुई झिजली की बहुतेक वेळा अख्खी कार्ट्रिज जाते.

मजल्याचा प्रॉब्लेम सुईचा नाहीये. भिंतीत ब्रॅकेट ठोकून जाड फळी लावा, टर्नटेबल त्यावर, स्पीकर त्या फळीवर नकोत. वाड्याची भिंत जाड असते, ती हलत नाही. स्पिरिट लेव्हलने फळी सपाट करा. गणपतीत ढोल पथक दारात आलं तर मात्र काही उपाय नाही, त्या दहा दिवसांत रेकॉर्ड लावूच नका.

प्रश्न (औंध): मुलाने अमेरिकेतून जुना बेल्ट ड्राइव्ह आणला. ११०चा ट्रान्सफॉर्मर लावलाय, चालतो, पण सगळी गाणी रडकी वाटतात.

उत्तर: काका, ट्रान्सफॉर्मर व्होल्टेज बदलतो, फ्रीक्वेन्सी नाही. तिकडे ६० हर्ट्झ, आपल्याकडे ५०, आणि जुन्या बेल्ट ड्राइव्हची एसी मोटर त्यावरच स्पीड ठरवते. तुमची तबकडी मिनिटाला ३३⅓ ऐवजी जेमतेम २८ फिरतेय. काळी चारमधलं गाणं तुम्हाला पांढरी चारच्या खालीच ऐकू येत असणार, रडकं वाटणारच. कंपनीची ५० हर्ट्झची पुली मिळते का शोधा, काही मॉडेलना मिळायची. खालची प्लेट वाचा, ५०/६० लिहिलं असेल तर आतच पुलीची किंवा स्विचची सोय असू शकते. पुढच्या वेळी मुलाला सांगा, ॲडॅप्टरवर चालणारं आण, त्यांच्या डीसी मोटरला याने काही होत नाही.

प्रश्न (मंगळवार पेठ): जुन्या बाजारातून बालगंधर्वांच्या ७८च्या तबकड्या आणल्यात. एलपीच्याच सुईने वाजवल्या तर चालतील?

उत्तर: वाजतील, पण खरखरच जास्त. ७८ची खाच रुंद, त्याला ३ मिलची (मिल म्हणजे इंचाचा हजारावा भाग) सुई लागते, एलपीची सुई ०.७ मिलच्या आसपासची, ती तळाशी जाऊन घासते, तिथे गाणं नाही, कचरा असतो. व्हीएम९५वाल्यांनी एसपी नावाची सुई घ्यावी, त्याच बॉडीवर बसते, फक्त वजन जास्त लागतं, डब्यावर वाचून सेट करा आणि एलपी लावायच्या आधी परत खाली आणायला विसरू नका. स्पीड ७८ असलेलंच टर्नटेबल हवं, ६०एक्सवर जमणार नाही. खूप जुन्या तबकड्या नेमक्या ७८ला कापलेल्या नसतात, तेव्हा पिच कंट्रोल असेल तर पेटीवर सूर लावून जुळवा, मजा येते.

धुताना स्पिरिट किंवा आयपीए (आयसोप्रोपिल अल्कोहोल) नको, या तबकड्या शेलॅकच्या म्हणजे लाखेच्या, शेलॅक अल्कोहोलमध्ये विरघळतं आणि तबकडी पांढरी पडते. डिस्टिल्ड वॉटरमध्ये सौम्य साबणाचा थेंब, मऊ कापड, लेबल कोरडं ठेवा आणि लगेच पुसा.

प्रश्न (हडपसर): नवीन सेटअपमध्ये सतत घुंऽऽ असा आवाज येतो, मोबाइल लावला की येत नाही.

उत्तर: टर्नटेबलच्या मागे एक सुटी बारीक वायर किंवा स्क्रू असेल, ग्राउंडची. ती फोनो प्रीॲम्पच्या जीएनडी स्क्रूला घट्ट करा. वायरच नसेल तर तपकीर गल्लीत (पुण्यातला इलेक्ट्रिकचा बाजार) साधी एक मीटर वायर घ्या, टोकं सोलून जोडा. तरी आवाज असेल तर टर्नटेबल ॲम्पच्या डोक्यावर ठेवलंय का बघा, ॲम्पच्या ट्रान्सफॉर्मरपासून ते हातभर लांब हलवा.