तिसऱ्या पानावरचं वाक्य

प्रिय,

तुझ्या केस नोट्स वाचल्या. त्या स्वमग्न (ऑटिझम असलेल्या) मुलाच्या हालचालींच्या नोंदी बारकाईने केल्या आहेस. पण तिसऱ्या पानावर 'आई अलिप्त वाटते, होम प्रोग्रॅम (घरी करून घ्यायचा सराव) मनावर घेत नाही' असं लिहिलंयस, तिथे मी अडले. त्याआधीचं तूच लिहिलेलं पुन्हा वाच: मुलगा पंख्याकडे बघत राहिला, हाका मारूनही वळला नाही, आई भिंतीला टेकून मोबाइल बघत होती. पूर्ण सेशनभर तुला कुणीच दाद दिली नाही आणि त्यानंतर हे वाक्य आलं.

आईबापांवर ठपका ठेवायची आपल्या क्षेत्राची ही खोड जुनी आहे. बालमनोविकारतज्ज्ञ लिओ कॅनर यांनी १९४३ साली अकरा मुलांवरच्या निबंधात स्वमग्नता जन्मजात असल्याचं म्हटलं होतं. त्यांनीच १९४९ मध्ये पालकांच्या थंडपणाला फ्रिजची उपमा दिली. स्वमग्न मुलाचे वडील असलेले मानसशास्त्रज्ञ बर्नार्ड रिमलंड यांनी १९६४ मध्ये जैविक कारणांची बाजू सविस्तर मांडली. तरीही १९६७ मध्ये मुलांची उपचारशाळा चालवणारे ब्रूनो बेटेलहाइम आईबापांनाच दोषी धरत होते. किती आया तो डाग घेऊन जगल्या असतील! म्हणून असं वाक्य दिसलं की मी सोडत नाही.

सेशन संपल्यावर लगेच पुढच्या मुलाला आत घेऊ नकोस. दहा मिनिटं वही घेऊन बस. डाव्या पानावर दिसलं तेवढंच लिही, उजव्या पानावर तुला काय झालं ते: कंटाळा, चीड, आपला काही उपयोग नाही असं वाटणं. लाज वाटली तरी लिही. उजवं पान रिपोर्टात जात नाही, ते सुपरव्हिजनला, म्हणजे माझ्याशी चर्चेला, आण. तुला तासाभरात जे वाटलं ते त्या आईला रोज वाटत असेल का? ते गृहीत धरू नकोस, तिला विचार. मूल कानावर हात ठेवतं म्हणून मिक्सर कधी लावते, रात्री किती वेळा उठते, 'लाडावून ठेवलंय' असं घरात कोण म्हणतं.

मुलाचं 'झालं झालं, संपलं' तू निरर्थक बडबड म्हणून नोंदवलंयस. एका मुलाच्या अशाच शब्दांचा उलगडा मला त्याच्या आईने केला होता: केस कापताना ती त्याला तसं म्हणायची. घाबरला की तो तेच स्वतःला म्हणे. असं कुठल्या चाचणीत सापडणार? संशोधक डेमियन मिल्टन स्वतः स्वमग्न आहेत. स्वमग्न माणसं आणि इतर यांच्यात गैरसमज दोन्ही बाजूंनी होतो, असं त्यांनी २०१२ मध्ये मांडलं. तेव्हा 'माझ्याकडे बघ' हा आग्रह सोड. त्याच्या शेजारी बसून थोडा वेळ पंखा बघ.

आणखी एक. साऱ्या नोट्समध्ये वडिलांबद्दल ओळसुद्धा नाही. पुढची वेळ त्यांच्या ड्यूटीप्रमाणे ठेवता येते का, ते या आठवड्यातच फोन करून विचार. फोन मात्र थेट त्यांनाच कर. निरोप द्यायचं काम आईवर टाकू नकोस.

तुझी,
ताई