बारावीनंतर गणित सुटलं, आता सूक्ष्म अर्थशास्त्र गणितासकट कसं शिकावं?

तुमचा प्रश्न मला असा समजला: मराठी माध्यमातून अर्थशास्त्रात बीए झालंय, बारावीनंतर गणिताचं पुस्तक उघडलेलं नाही, आणि आता सूक्ष्म अर्थशास्त्राचा सिद्धांत त्याच्या गणिती पायासकट शिकायचा आहे. त्यासाठी आधी वर्षभर नुसतं गणित करावं, की थेट अर्थशास्त्राला भिडावं? मी नागपुरात एमएच्या विद्यार्थ्यांना हाच विषय शिकवते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

थेट भिडा. ‘आधी गणित संपवतो’ म्हणणारी मुलं इंटिग्रेशनच्या सूत्रांत अडकून पडतात, आणि ग्राहकाच्या सिद्धांतात नेमकं तेच फारसं लागत नाही. डिफरन्शियल इक्वेशन्स तर पहिल्या वर्षी बाजूलाच ठेवा. इथे लागतं ते वेगळंच. ‘प्रत्येक’ आणि ‘निदान एक’ यांतला फरक ओळखणं, उलट गृहीत धरून विसंगती दाखवणं, संच, असमानता. दहावीच्या भूमितीत आपण ‘पक्ष, साध्य, सिद्धता’ असं लिहायचो ना, ती सवय पुन्हा लावून घ्यायची आहे. या विषयात गणिताचं खरं काम आकडेमोड नसून कोणत्या गृहीतकावर कोणता निष्कर्ष उभा आहे हे उघड करणं आहे. एखादं गृहीतक काढून घेतलं तर काय कोसळतं, हा प्रश्न ज्याला सतत विचारता येतो त्याला हा विषय येतो.

सुरुवात अशा जागेवरून करा जिथे कॅल्क्युलस लागतच नाही, म्हणजे पॉल सॅम्युअल्सन यांनी १९३८ मध्ये मांडलेल्या प्रकट पसंतीपासून (माणूस काय निवडतो त्यावरून त्याला काय आवडतं ते ओळखणं). समजा थंडीच्या दिवसांत सीताबर्डीवर संत्री ६० रुपये डझन आणि पेरू ४० रुपये किलो आहेत. एका बाईंनी ३ डझन संत्री आणि २ किलो पेरू घेतले. १८० अधिक ८०, म्हणजे २६० रुपये. पुढच्या आठवड्यात भाव उलटे झाले, संत्री ४० आणि पेरू ६०. त्यांनी २ डझन संत्री आणि ३ किलो पेरू घेतले. ८० अधिक १८०, पुन्हा २६०. वरवर यात वावगं काही नाही.

आता पहिल्या आठवड्याच्या भावाने दुसरी पिशवी मोजा. १२० अधिक १२०, २४० रुपये. म्हणजे ती परवडत होती, वर २० रुपये उरत होते, तरी घेतली नाही. तेव्हा पहिली पिशवी जास्त आवडती. दुसऱ्या आठवड्याच्या भावाने पहिली पिशवी मोजा, तीही २४० रुपयांची. तीही परवडत होती, तरी सोडली. तेव्हा दुसरी जास्त आवडती. दोन्ही एकाच वेळी खरं असू शकत नाही. जास्त वस्तू म्हणजे जास्त समाधान असं मानलं, तर या दोन खरेद्यांना जुळणारं एकही उपयोगिता फलन, म्हणजे प्रत्येक पिशवीला समाधानाचा आकडा देणारा नियम, जगात नाही, आणि ते आपण नुसत्या गुणाकार-बेरजेने सिद्ध केलं. आता त्यातलं ‘असं मानलं तर’ काढून पाहा. जिला कुठलीही पिशवी सारखीच वाटते, तिच्या बाबतीत या दोन्ही खरेद्या अगदी बिनचूक आहेत. गृहीतक गेलं की विसंगतीही गेली. सिद्धांताच्या पुस्तकात पानोपानी हेच चालतं. साधी हिशेबाची वही घेऊन हे करा. उलट दिशेचं प्रमेयही आहे: खरेद्यांत असं कुठलंही चक्र (पहिली दुसरीपेक्षा आवडती, आणि फिरून शेवटची पहिलीपेक्षा आवडती) नसेल, तर त्यांना जुळणारं सुबक उपयोगिता फलन नक्की असतं, हे सिडनी आफ्रिआट यांनी १९६७ मध्ये दाखवलं.

मग कॅल्क्युलस. आंशिक डेरिव्हेटिव्ह, लाग्रांजची पद्धत (बजेटसारखी अट पाळून कमाल काढण्याची), एन्व्हलप प्रमेय (भाव किंवा बजेट बदललं तर ती कमाल किती बदलते ते सांगणारं) आणि थोडे मॅट्रिक्स, एवढं आलं की बरीच मजल मारता येते. लाग्रांज नुसता सोडवू नका. त्यातला लॅम्डा म्हणजे बजेट एक रुपयाने वाढलं तर उपयोगिता साधारण किती वाढेल त्याचं माप. हे ज्याला तोंडी सांगता येतं त्याला पुढचं अर्धं प्रकरण सोपं जातं.

कॅल्क्युलसचं चीज कुठे होतं ते पाहा. मागणीचा नियम तुम्हाला पाठ असेल: इतर परिस्थिती स्थिर असताना किंमत वाढली की मागणी घटते. पण स्थिर नेमकं काय ठेवायचं? खिशातले रुपये, की त्या रुपयांची खरेदीची ताकद? किंमत वाढण्याचे दोन परिणाम असतात: वस्तू इतरांच्या तुलनेत महाग होते, आणि खरेदीची ताकद बदलते (हा उत्पन्न-परिणाम). युजेन स्लट्स्की यांनी १९१५ मध्ये एका इटालियन नियतकालिकात हे दोन परिणाम समीकरणात वेगळे केले. तो लेख बरीच वर्षं दुर्लक्षित राहिला. हिक्स आणि अ‍ॅलन यांनी १९३४ मध्ये तोच विचार स्वतंत्रपणे मांडला.

हे समीकरण आपल्या विदर्भात लावून पाहा. यवतमाळकडच्या एका शेतकरी कुटुंबात १० क्विंटल तूर पिकली, त्यातली १ क्विंटल घरात लागते. तुरीचा भाव क्विंटलमागे ५०० रुपयांनी चढला. डाळ महागली म्हणून ते कमी खातील का? विकायच्या ९ क्विंटलवर त्यांच्या हातात ४,५०० रुपये जास्त आले. महागाई त्यांना कमी खाण्याकडे ढकलते, वाढलेली मिळकत जास्त खाण्याकडे. घरात डाळ वाढलीही असेल, आणि त्यासाठी तूर ही काही विचित्र वस्तू असावी लागत नाही. विकत घेऊन खाणाऱ्या, नागपूरच्या धरमपेठेतल्या घरात मात्र दोन्ही परिणाम एकाच दिशेने जातात आणि मागणी घटते. समीकरणात फरक एकाच जागी आहे. शहरातल्या घरासाठी उत्पन्न-परिणामाला गुणायचं ते ‘उणे खाल्लेली तूर’ने, शेतकऱ्यासाठी ‘पिकलेली वजा खाल्लेली’ने. चिन्ह तिथे उलटतं. शेतमालाच्या भावावर बोलताना पिकवणारा आणि विकत घेणारा यांची गल्लत होते, ती या एका पदाने थांबते. मला या विषयाबद्दल जी ओढ आहे, ती अशा जागांमुळे आहे.

तिसरा टप्पा सिद्धतांचा, आणि बहुतेक जण इथेच धीर सोडतात. एक सिद्धता पूर्ण देते, म्हणजे अंदाज येईल. आपण सर्रास म्हणतो की माणसाला आवडीनिवडी असतात, तेव्हा त्यांना उपयोगितेचे आकडे देता येतील. नेहमी देता येतात का? कळमन्याच्या बाजारात एक व्यापारी माल असा पारखतो: आधी गोडी, आणि गोडी तंतोतंत सारखी असेल तरच आकार. गोडी आणि आकार दोन्ही कुठलीही वास्तव संख्या असू शकतात असं धरा. त्याची निवड अगदी सुसंगत आहे. कुठल्याही दोन ढिगांत तो क्रम लावू शकतो आणि कधी स्वतःच्या विरुद्ध जात नाही.

पक्ष: समजा त्याच्यासाठी उपयोगिता फलन आहे. प्रत्येक गोडीसाठी दोन ढीग घ्या, एकाचा आकार १, दुसऱ्याचा २. दुसरा जास्त आवडता, म्हणजे त्याचा आकडा मोठा. या दोन आकड्यांच्या मधे एक तरी परिमेय संख्या असतेच; ती त्या गोडीच्या नावाने लिहून ठेवा. आता जास्त गोडीचा कुठलाही ढीग कमी गोडीच्या प्रत्येक ढिगापेक्षा वरचा आहे. त्यामुळे जास्त गोडीचे दोन्ही आकडे कमी गोडीच्या दोन्ही आकड्यांच्या वर येतात, आणि दोन वेगळ्या गोड्यांना एकच परिमेय संख्या मिळू शकत नाही. म्हणजे जितक्या वास्तव संख्या, निदान तितक्या परिमेय संख्या हव्यात. पण परिमेय संख्या एका यादीत मांडता येतात, वास्तव संख्या येत नाहीत, हे गणितज्ञ कँटरनी १८७४ मध्येच सिद्ध केलं. विसंगती आली, म्हणून असं फलन नाही.

यात डेरिव्हेटिव्ह कुठेच आला नाही. आणि काय गमावलं होतं तेही कळतं: सातत्य. या व्यापाऱ्याची पसंती गोडीतल्या केसभर फरकाने एकदम पलटते. पसंती सतत असेल तर फलन मिळतं, हे जेरार्ड डेब्रू यांनी १९५४ मध्ये दाखवलं. पुस्तकातलं ‘सातत्य’ हे गृहीतक तिथे का आहे, ते आता रटावं लागणार नाही.

स्थिरबिंदूची प्रमेयं (काही अटींवर, फलन लावल्यावरही जागेवरून न हलणारा बिंदू असतोच असं सांगणारी), म्हणजे ब्राउअर आणि काकुतानी यांची, शेवटी घ्या. सर्व बाजारांत एकाच वेळी समतोल असू शकतो हे अ‍ॅरो आणि डेब्रू यांनी १९५४ मध्ये सिद्ध केलं त्यात, आणि नॅश यांनी १९५० मध्ये खेळांचा समतोल सिद्ध केला त्यात ती लागतात. पहिल्या वाचनात प्रमेयाचं विधान आणि त्याच्या अटी समजल्या तरी पुरे.

पुस्तकं इंग्रजीच घ्यावी लागतील, पण त्यांची वाक्यं छोटी असतात, धास्ती नको. ऑस्बोर्न आणि रुबिनस्टाइन यांचं ‘मॉडेल्स इन मायक्रोइकॉनॉमिक थिअरी’ (२०२०) इंटरनेटवर अधिकृतपणे मोफत आहे, कॅल्क्युलस कमी आणि सिद्धता भरपूर. तुम्हाला तेच आधी चालेल. आकृत्यांसाठी आणि अंतर्ज्ञानासाठी व्हॅरियनचं ‘इंटरमीडिएट मायक्रोइकॉनॉमिक्स’ सोबत ठेवा, गणित अडलं की चियांगचं गणिती अर्थशास्त्राचं पुस्तक उघडा. मास-कोलेल, व्हिन्स्टन आणि ग्रीन यांचा १९९५ चा जाडजूड ग्रंथ पाहून मुलं दचकतात, पण त्याचं पहिलं प्रकरण निवड आणि पसंतीवरच आहे आणि वर सांगितलेली तयारी त्याला पुरते. गणिताचं परिशिष्ट मागे दिलेलं आहे, ते गरजेपुरतं पाहा. भारतीय सांख्यिकी संस्थेसारख्या (आयएसआय) ठिकाणच्या प्रवेशपरीक्षेचा विचार असेल, तर जुन्या प्रश्नपत्रिका आतापासून सोडवायला घ्या. तिथे गणिताचा वेग वेगळा लागतो आणि तो निव्वळ सरावाने येतो.

अभ्यासिकेत बसलात तर एक करा. सिद्धता वाचून झाली की पुस्तक मिटा आणि ती मराठीत, कोऱ्या पानावर, पूर्ण वाक्यांत लिहा. जिथे ‘म्हणून’ लिहिताना हात थबकतो तिथे अजून कळलेलं नाही. दिवसाला एक सिद्धता अशी लिहिलीत तरी पुष्कळ आहे.

आणि या आठवड्यासाठी एक गणित. संत्री, पेरू आणि केळी, तीन आठवडे, तीन वेगळे भाव. असे आकडे शोधा की कुठल्याही दोन आठवड्यांत वरच्यासारखी सरळ विसंगती नाही, तरी पहिली पिशवी दुसरीपेक्षा, दुसरी तिसरीपेक्षा आणि तिसरी पहिलीपेक्षा आवडती ठरते. दोनच फळं घेऊन हे जमत नाही, तेव्हा तिथे वेळ घालवू नका. आकडे सापडले की इथेच खाली लिहा, मी तपासून देईन.